अण्णांची हरकत

अण्णा जाऊन दीड वर्ष झालं, पण गावच्या सातबाऱ्यावर ते अजून ठणठणीत आहेत. मयतांची नावं काढून वारसांची लावायला सरकारने 2025 साली 'जिवंत सातबारा' मोहीम काढली, तेव्हा मला वाटलं, हे नाव आमचाच उतारा बघून सुचलं असणार.

वारस नोंदीचा अर्ज मी तीन महिन्यांच्या मुदतीत दिला होता. सोबत मृत्यूचा दाखला, वारसांचं प्रतिज्ञापत्र, आधारच्या झेरॉक्स. पहिल्या फेरीला सर्व्हर डाऊन. दुसऱ्या फेरीला तलाठी भाऊसाहेब पंचनाम्याला. (तलाठ्यांचे आता ग्राम महसूल अधिकारी झालेत. त्यांचं नाव बदललं, आमचंच तेवढं राहिलंय.) तिसऱ्या फेरीला साक्षात भेटले आणि दाखल्यावरचा 'गोविंद' नि उताऱ्यावरचा 'गोविंदा' यांना पेन्सिलीने गोल करून म्हणाले, "हे दोघं एकच कशावरून?"

काना तो केवढा! त्याने आठ महिने खाल्ले.

शेवटी वकील मावसभावाला गाठलं. तो म्हणाला, "कोर्टाचा वारस दाखला हवा तर 1827 चं मुंबई रेग्युलेशन आहे." म्हणजे पेशवाई बुडून दहा वर्षं झाली नाहीत तोच इंग्रजाला आमच्या वारसांची काळजी! "सरकारवर दिवाणी दावा लावायचा तर आधी दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम 80 ची दोन महिन्यांची नोटीस." उशीर झाला म्हणून भांडायचं, ते आणखी दोन महिने थांबून. "वारस नोंद सरकारी सेवा यादीत असेल तर 2015 चा लोकसेवा हक्क कायदा. दोन अपिलं खात्यात, तिसरं आयोगाकडे. कसूर करणाऱ्याला पाचशे ते पाच हजार दंड." पाचशे तर माझे एसटीलाच कधीचे गेले होते.

"आणि हायकोर्ट?"

"घटनेचा अनुच्छेद 226. रिट! थेट कोर्टाचा सरकारला हुकूम!"

माझ्या अंगात वारंच आलं. "म्हणजे कोर्ट त्यांना सांगणार, नाव लावा म्हणून?"

"छे! बहुतेक एवढंच सांगेल, अर्जावर अमुक आठवड्यांत निर्णय घ्या. नाव लावायचं की अर्ज फेटाळायचा, ते त्यांनीच ठरवायचं."

फी भरून, काळ्या कोटामागे धावून, हाती काय? तर 'एकदाचं ठरवा!' साडीच्या दुकानात काका आत्तापर्यंत हे फुकटात म्हणत आलेत.

मावसभावाने आधी नुसती नोटीस धाडली, शेवटच्या ओळीत 226. चौथ्या दिवशी फोन आला. "अहो, कोर्टाची भाषा कशाला? नुसतं सांगायचं ना!"

आठ महिने मी काय भजन म्हणत होतो?

पण नावबदलाचा फेरफार धरला गेला. पंधरा दिवसांत हरकत घ्यायची नोटीसही घरी आली. वर नाव अण्णांचं, कान्यासकट. 'आपली काही हरकत असल्यास कळवावे.'

आईने चष्मा लावून ती दोनदा वाचली आणि अण्णांच्या फोटोखाली ठेवली.

"काही म्हणायचे नाहीत ते," ती म्हणाली. "जन्मात एकदा शेपूच्या भाजीला हरकत घेतली होती, तेवढीच."