जड माध्यमात ध्वनी वेगाने धावतो का?

गोव्यातल्या पालकांच्या व्हॉट्सअ‍ॅप गटांतून सध्या एक मजकूर फिरतो आहे: 'माध्यम जितके जड, तितका ध्वनी वेगवान, कारण कण जवळजवळ असल्याने धक्का लवकर पोहोचतो. म्हणूनच पावसाळ्यातल्या जड हवेत इगर्जीची (चर्चची) घंटा लांबवर ऐकू येते आणि पाण्यात बुडी मारली की सगळे आवाज मोठे होतात.' यातले एकही विधान जसेच्या तसे टिकत नाही.

मूळ चूक पहिल्याच वाक्यात आहे. दाबाची लहर पुढे सरकते ती दाबला गेलेला थर पुन्हा फुगून शेजारच्या थराला ढकलतो म्हणून. तेव्हा वेग ठरतो तो पदार्थ दाबाला किती विरोध करतो यावर, आणि जडपणा, म्हणजे घनता, त्या वेगाला उलट लगामच घालते. पाणी हवेपेक्षा सुमारे ८३० पट जड आहे, पण दाबायला सुमारे १५,००० पट कठीण आहे. या दोन आकड्यांच्या भागाकाराचे वर्गमूळ ४.३ च्या आसपास येते, आणि हवेतल्या सेकंदाला ३४३ मीटर वेगाला त्याने गुणले की पाण्यातला सुमारे १,४८० मीटरचा वेग मिळतो. शिसे ॲल्युमिनियमच्या चौपटीहून जड असूनही त्यात ध्वनीचा वेग ॲल्युमिनियममधल्या वेगाच्या जेमतेम एकतृतीयांश भरतो. पृथ्वीच्या पोटात, सुमारे २,८९० किलोमीटर खोलीवर, भूकंपाची दाबलहर घन प्रावरणातून, म्हणजे गाभ्याभोवतीच्या खडकाच्या थरातून, द्रवरूप बाह्य गाभ्यात शिरते, तेव्हा घनता पावणेदोन पटींनी वाढते आणि वेग मात्र सेकंदाला १३.७ किलोमीटरवरून ८ वर घसरतो.

हा समज पसरण्याला कारण आहे, हे मान्य करायला हवे: सच्छिद्र चिऱ्यापेक्षा काळा पाषाण जडही असतो आणि ताठही, म्हणजे दाबायला कठीण, त्यामुळे त्यातल्या जास्त वेगाचे श्रेय चुकून जडपणाला जाते.

पावसाळी हवा जड असते हेही खरे नाही. पाण्याच्या वाफेचा रेणू नायट्रोजन आणि ऑक्सिजन या दोहोंपेक्षा हलका असतो, म्हणून त्याच तापमानाची दमट हवा कोरड्या हवेहून हलकी भरते. ध्वनीचा वेग तिच्यात वाढतो, पण आपल्याकडच्या तापमानाला अर्ध्या टक्क्याच्या आसपासच. शिवाय वेग आणि पल्ला या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. घंटा लांबवर ऐकू येणे हे बव्हंशी वाऱ्याच्या दिशेवर आणि हवेचे थर खाली गार, वर ऊन आहेत की नाहीत यावर अवलंबून असते.

उरली बुडी. हवेतला ध्वनी पाण्यावर आदळतो तेव्हा त्याच्या ऊर्जेचा हजारातला एखादाच भाग आत शिरतो, बाकीचा परततो. दिवाडी बेटाच्या धक्क्यावर चाललेल्या गप्पा पाण्याखाली विरतात, ते यामुळेच. फेरीबोटीचे इंजिन मात्र ऐकू येते, कारण त्याची थरथर बोटीच्या पत्र्यातून थेट पाण्यात उतरते आणि तिला हवेची वेस ओलांडावीच लागत नाही.