हिसालू बांधावर लावा म्हणणाऱ्यांना

गावोगावच्या ग्रुपवर सध्या एक मेसेज फिरतोय: 'हिमालयातली पिवळी रासबेरी, हिसालू, खान्देशात कुठेही येते. पाणी नको, खत नको, बांधावर लावून विसरून जा. शुगर मुळापासून बरी होते. व्यापारी दारात येऊन लाखोंनी माल नेतो.' खाली रोपांचा भाव आणि फोन नंबर.

फोटोपासूनच गडबड आहे. त्यात लालभडक फळं दिसतात. ती युरोपातली रासबेरी. हिसालू पिकते ती सोनेरी पिवळी. खोडावर तांबूस लव आणि आकडेदार काटे, पान त्रिदल. फळ ओढलं की गाभा देठालाच राहतो आणि हातात पोकळ टोपी येते.

आता 'कुठेही येते'. हे डोंगरउतारावरच्या थंड रानातलं झुडूप. महाबळेश्वरला रासबेरी होते ना, असं कुणी म्हणेल. होते, पण महाबळेश्वर साधारण १३७० मीटरवर आहे आणि जळगाव जेमतेम २०० मीटरवर. हिसालूचं फळ भरतं-पिकतं ते उन्हाळ्यात. तेव्हा आपल्याकडे पारा ४५च्या आसपास असतो आणि केळीचे घड वाचवायला आपण बागेभोवती शेवरी नाहीतर गजराज गवत उभं करतो, हिरवी नेट बांधतो. केळीचीच ही तऱ्हा, तर थंड हवेच्या झुडपाला उघड्या बांधावर कोण विचारतो? तोरणमाळ साडेअकराशे मीटरच्या घरात आहे, तिथे कुणी प्रयोग केला तर निदान बोलण्यासारखं आहे. पण मेसेज रावेर-चोपड्याच्या मळ्यांत फिरतोय.

'लावून विसरून जा' हे तर जिथे ती मानवते तिथे धोक्याचं. मुळांतून फुटवे येतात, पक्षी बिया पसरवतात. हवाईच्या जंगलात तिने असा उच्छाद मांडला की जगातल्या १०० सर्वांत उपद्रवी परक्या प्रजातींच्या यादीत तिचं नाव आहे.

शुगरबद्दल: प्रयोग झालेत ते अर्कांचे, प्रयोगशाळेत, उंदरांवर. त्या भरवशावर कुणी गोळी बंद केली तर दवाखान्याची पायरी चढावी लागेल.

भावाचं सोडाच. फळ इतकं नाजूक की तोडल्यावर दिवसभरात पाणी सुटतं. उत्तराखंडातल्या डोंगराळ कुमाऊंतही ते बहुतेक तिथल्या तिथेच खाल्लं जातं. व्यापारी कुठून ट्रक भरणार?

तरीही कुणाला रोपं घ्यायचीच असतील, तर विकणाऱ्याला आधी विचारा: भाऊ, मे महिन्यात फळांनी लगडलेलं झुडूप तापीकाठी कुणाच्या मळ्यात बघायला येऊ?