‘संस्थेनं काढलं म्हणजे संपलं’? कायदा तसं म्हणत नाही

शिक्षकांच्या ग्रुपवर एक मेसेज सतत फिरतो: "अनुदानित शाळा खाजगी असते. संस्थाचालक मालक. त्याने काढलं की काढलं. राजीनाम्यावर सही दिलेली असेल तर विषयच संपला. कोर्टात वर्षं जातात, हाती काही लागत नाही. मिटवून घ्या." पाठवणारे बहुतेक जण काळजीपोटीच पाठवतात. पण तो वाचून माणूस गप्प घरी बसतो आणि दाद मागायची मुदत हातची जाते. म्हणून एकेक मुद्दा घेतो.

संस्थाचालक मालक नाही. खाजगी शाळांतल्या कर्मचाऱ्यांच्या सेवाशर्तींसाठी 1977 चा कायदा आणि 1981 ची नियमावली आहे. कायम शिक्षकावर गैरवर्तनाचा ठपका ठेवून काढायचं तर आरोपपत्र, चौकशी समिती, बाजू मांडायची संधी हे सगळं करावंच लागतं. त्या समितीत शिक्षकाने स्वतः निवडलेला एक सदस्य असतो, हे अनेकांना ठाऊकच नसतं.

आता राजीनामा. रुजू होतानाच कोऱ्या कागदावर सही घेऊन तो कागद संस्थेच्या कपाटात ठेवायचा, ही रीत बीडपासून किनवटपर्यंत कुणाला नवी नाही. कायद्याचं कलम 7 मात्र वेगळंच सांगतं: राजीनाम्याच्या दोन प्रती शिक्षकाने तयार करायच्या, दोन्हींवर सही करून तारीख घालायची, एक रजिस्टर पोस्टाने व्यवस्थापनाकडे पाठवायची, दुसरी स्वतःजवळ ठेवायची. कपाटातल्या कागदाला ना पोस्टाची पावती, ना शिक्षकाजवळची प्रत. राजीनामा खरोखर स्वेच्छेने दिला होता का, हे शाळा न्यायाधिकरण, म्हणजे काढलेल्या शिक्षकाचं अपील ऐकणारं न्यायालय, तपासतं. तेव्हा "सही तर माझीच आहे" म्हणून हातपाय गाळू नका.

"लेखी आदेशच दिला नाही, मग अपील कशावर करू?" असंही विचारतात. अपिलाचा हक्क देणाऱ्या कलम 9 मध्ये बडतर्फी आणि सेवेतून कमी करणं यांच्यासोबत ‘अन्य प्रकारे सेवा संपवणं’ हेही आहे. उद्यापासून येऊ नका म्हणणं, मस्टरवर सही करू न देणं, हे त्यात येऊ शकतं. त्याच दिवशी रजिस्टर पोस्टाने संस्थेला आणि शिक्षणाधिकाऱ्यांना कळवा. पुढे ती पावतीच कामाला येते.

कोर्टात काही मिळत नाही? औरंगाबादच्या शाळा न्यायाधिकरणाकडून वर गेलेलं एका प्राथमिक शिक्षिकेचं प्रकरण घ्या. न्यायाधिकरणाने बडतर्फी रद्द करून मागचा पूर्ण पगार द्यायला सांगितलं. उच्च न्यायालयाने पगाराचा भाग काढून टाकला. ऑगस्ट 2013 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने तो परत दिला आणि सांगितलं की बेकायदा काढलेल्या कर्मचाऱ्याला सर्वसाधारणपणे मागचा पगार मिळायला हवा. तो दुसरीकडे कमावत होता असं संस्थेचं म्हणणं असेल तर ते संस्थेने सिद्ध करावं. आज हा निकाल देशभर दाखवला जातो आणि तो आपल्या मराठवाड्यातल्या एका बाईंनी लढून मिळवलेला आहे. शिवाय संस्थेकडून येणं असलेली रक्कम तिच्या अनुदानातून कापून थेट कर्मचाऱ्याला द्यावी, अशी शिफारसही न्यायाधिकरण शासनाला करू शकतं.

पद कमी झाल्यामुळे ‘अतिरिक्त’ ठरणं म्हणजेही नोकरी जाणं नव्हे. कायम कर्मचाऱ्याचं समायोजन व्हायला हवं, म्हणजे त्याला दुसऱ्या शाळेत सामावून घ्यायला हवं. ज्येष्ठता यादीतला आपला क्रमांक मात्र तपासून ठेवा.

मेसेजमध्ये थोडं खरंही आहे. वेळ लागतो, फार लागतो. आणि रिक्त कायम पद नसताना, जाहिरातीशिवाय किंवा पात्रता डावलून नेमणूक झाली असेल, तर कायम शिक्षकाचं संरक्षण मागता येत नाही. अशा प्रकरणांत शिक्षक हरतात.

पण मिटवून घेण्याच्या चर्चेत ज्यांचे महिने गेले, त्यांची अडचण वेगळी होते. आदेश हातात पडल्यापासून अपिलाला 30 दिवस मिळतात. सबळ कारण दाखवलं तर न्यायाधिकरण उशीर माफ करू शकतं, पण संस्थेचे अध्यक्ष बोलणी करत होते हे कारण पुरेल याचा भरवसा नसतो. बोलणी चालू ठेवा, पण अपील त्या 30 दिवसांत छत्रपती संभाजीनगर किंवा लातूर, जे न्यायाधिकरण आपल्या जिल्ह्याला लागू असेल तिथं दाखल करून टाका.