माउंड बायू १९२० ला संपलं नाही

एका लेखात म्हटलंय की कापसाचे भाव पडले, बँक बुडाली आणि अमेरिकेतल्या मिसिसिपी राज्यातलं माउंड बायू हे कृष्णवर्णीयांचं गाव १९२० च्या सुमारास 'इतिहासजमा' झालं. हे पटलं नाही. १८८७ साली गुलामीतून सुटलेल्या आयझाया मॉन्टगोमेरी आणि बेंजामिन ग्रीन यांनी दलदलीतलं जंगल तोडून वसवलेलं हे गाव, त्याचा खरा काळ तर पुढे आलाय. १९४२ मध्ये इथं टॅबोरियन हॉस्पिटल उघडलं, पैसा कुणाचा तर शेतमजुरांचा, सगळ्यांनी वर्षाला थोडी थोडी वर्गणी भरून उभं केलेलं, डॉक्टर नर्स सगळे कृष्णवर्णीय, आणि पेशंट पुढच्या दारानं आत यायचा, बाकी मिसिसिपीत त्याला मागच्या दारानं नाहीतर तळघरात पाठवायचे. १९५५ ला एमेट टिल या चौदा वर्षांच्या कृष्णवर्णीय पोराच्या खुनाचा खटला चालला तेव्हा त्याची आई याच गावात डॉ. हॉवर्ड या कृष्णवर्णीय डॉक्टरच्या घरी राहिली, बंदूकधारी पहाऱ्यात. आसपास तिला सुरक्षित जागा दुसरी होती कुठं?

मी मेम्फिसला नोकरीला असताना एका रविवारी हायवे ६१ नं तिथं गेलो होतो. दुकानं बरीचशी बंद, पण गाव आहे, लोक राहतात, महापौरही त्यांच्यातलाच निवडून येतो. आणि एक गोष्ट लेखात यायलाच हवी होती, याच मॉन्टगोमेरीनं मिसिसिपीच्या १८९० च्या राज्यघटना परिषदेत, तिथला एकमेव कृष्णवर्णीय प्रतिनिधी असताना, आपल्याच लोकांचा मताधिकार काढून घेणाऱ्या तरतुदीला पाठिंबा दिला. गाव वाचवायला दिला असं म्हणतात, मला ते अजून पचत नाही.