तेरा अर्थसंकल्प आणि एक अननस

मार्चमध्ये टीव्हीवर अर्थसंकल्पाची बॅग दिसायला लागली की मला मुंबईचं विधानभवन आठवत नाही, पाला आठवतं. केरळात कोट्टयम जिल्ह्यात मीनच्चिल नदीच्या काठी वसलेलं गाव. २०१३ ते २०१६ मी तिथे एका बँकेच्या शाखेत होतो. बदलीची ऑर्डर आली तेव्हा सांगलीत घरच्या सगळ्यांनी मिळून ते नकाशात शोधलं होतं.

सगळा रबराचा मुलूख. प्रत्येक घरामागे रबराच्या शीट दोरीवर वाळत घातलेल्या. लांबून बघितलं तर कुणीतरी पिवळट घोंगड्या धुऊन टाकल्यात असं वाटावं. त्यांचा आंबूस वास पहिले पंधरा दिवस घशाखाली घास उतरू देत नाही, मग कधीतरी तो यायचाच बंद होतो. आमच्या घरमालकांनी तरुणपणी चेंबूरला बारा वर्षं कारखान्यात काढलेली, त्यामुळे त्यांचं हिंदी अस्सल मुंबईचं. मी त्यांना तिथल्या ख्रिस्ती रिवाजाप्रमाणे 'अच्चायन' म्हणायचो, ते मला 'सार', म्हणजे सर. पण गावात नुसतं 'सार' म्हटलं की डोळ्यांसमोर माणूस एकच यायचा. माणी सार.

के. एम. माणी. जन्म १९३३चा, पेशानं वकील. १९६४मध्ये काँग्रेसमधून फुटून केरळ काँग्रेस निघाली आणि १९६५मध्ये हे गृहस्थ पालातून निवडून आले. ती विधानसभा कुणालाच बहुमत नाही म्हणून एकदाही भरली नाही. पण पालाच्या लोकांनी त्यानंतर दुसरा आमदार पाहिलाच नाही. २०१६पर्यंत सलग तेरा निवडणुका, तेराही जिंकल्या. २०१९च्या एप्रिलमध्ये गेले तेव्हाही आमदारच होते. पणजोबांनी आणि पणतूनं एकाच माणसाला मत दिलंय अशी घरं मी तिथे पाहिलीत.

आणि अर्थसंकल्प किती मांडले? तेही तेराच. केरळात हा विक्रम आहे. (आपल्याकडे शेषराव वानखेड्यांच्या नावावरही तेरा अर्थसंकल्प आहेत. पण 'वानखेडे' म्हटल्यावर तुमच्या डोळ्यांपुढे स्टेडियमच आलं ना? अर्थमंत्र्याचं हे असं असतं.)

१९७५च्या डिसेंबरात मुख्यमंत्री अच्युत मेनन यांच्या मंत्रिमंडळात ते पहिल्यांदा अर्थमंत्री झाले. १९८०मध्ये डाव्यांच्या नायनार सरकारात अर्थमंत्री. १९८१मध्ये त्यांच्यासह मित्रपक्ष बाहेर पडले, सरकार कोसळलं आणि काँग्रेसचे करुणाकरन मुख्यमंत्री झाले. अर्थमंत्री कोण? तेच. ते सरकार इतकं काठावर होतं की सभापती ए. सी. जोस यांच्या निर्णायक मतावर दिवस काढत होतं. मार्च १९८२मध्ये ते पडलं, तेही माणींच्याच पक्षाच्या एका आमदारानं, लोनप्पन नंबाडन यांनी, पाठिंबा काढला म्हणून. वर्षभरात दोन विरोधी आघाड्यांची तिजोरी एकाच माणसाकडे! हे मी पहिल्यांदा ऐकलं तेव्हा हसलो होतो. अच्चायन हसले नाहीत. म्हणाले, "सार, मुख्यमंत्री बदलता है. चाबी किसके पास है, वो देखो."

मला वाटतं या माणसाची सगळी कारकीर्द त्या एका वाक्यात बसते. माणींबद्दल बोलताना लोक दोनच सूर लावतात. पालात ते देवमाणूस, बाहेर भ्रष्टाचाराचं दुसरं नाव. माझ्या मते ते मूळचे हिशेबनीस. लहान पक्षाला मुख्यमंत्रिपद मिळत नाही हे त्यांना फार लवकर कळलं होतं. मिळालं तरी ते टिकत नाही. मग मागायचं काय? जिथे बाकीच्या प्रत्येक मंत्र्याला फाईल घेऊन यावं लागतं ते खातं. २०११मध्ये १४०च्या सभागृहात काँग्रेसच्या ओमन चंडींच्या आघाडीला ७२ जागा होत्या, बहुमताला लागतात ७१. त्या ७२मधले ९ आमदार माणींचे. आता सांगा, त्या सरकारात वजन कुणाचं?

त्यांचा पक्ष फुटायचाही भरपूर. केरळ काँग्रेसची इतकी शकलं झाली की कंसातल्या अक्षरावरून ओळखावी लागतात: एम, जे, बी. 'वाढेल तशी फुटते आणि फुटेल तशी वाढते' असं माणीच आपल्या पक्षाबद्दल म्हणायचे. स्वतःच्या पक्षाची अशी थट्टा करणारा आपल्याकडचा एखादा नेता आठवून बघा, मला तरी आठवत नाही.

त्यांचा एक सिद्धांतही होता. 'अध्वानवर्ग', म्हणजे राबणाऱ्यांचा वर्ग. कम्युनिस्ट कामगाराबद्दल बोलतात, काँग्रेस सगळ्यांबद्दल बोलते, मग दोन-तीन एकर रबर असलेला आणि पहाटे स्वतःच झाडाला चीक पाडायला जाणारा माणूस कुणाचा? तो मालकही आणि मजूरही. विद्वानांनी या सिद्धांताची टर उडवली. पण माझ्या काउंटरवर कर्जाला येणारा जवळजवळ प्रत्येक माणूस नेमका तोच होता. बोटांच्या पेरांना रबराचा काळा राप, खिशात व्यापाऱ्याची चिठ्ठी. २०११मध्ये किलोला दोनशेच्या वर गेलेलं रबर माझ्यासमोर निम्म्याच्या आसपास आलं. त्या भावावर घरं बांधलेली, मुलींच्या नर्सिंगच्या फिया भरलेल्या. हप्ते थकायला लागले, आणि थकलेल्या माणसाची मान काउंटरपाशी कशी खाली जाते ते मी द्राक्षाच्या गावचा असल्यामुळे मला नवीन नव्हतं. २०१५च्या अर्थसंकल्पात माणींनी किलोमागे १५० रुपये मिळतील अशी योजना आणली, बाजारभावातला फरक सरकार भरणार. त्यासाठी ३०० कोटी. पैसे खात्यावर यायला उशीर व्हायचा, पण यायचे. मी ते जमा होताना पाहिलेत.

त्यांच्या कारुण्य लॉटरीबद्दल मात्र माझं मन अजून दोन्हीकडे ओढलं जातं. केरळची सरकारी लॉटरी देशातली पहिली, १९६७ची. आपली महाराष्ट्राची १९६९ची. माणींनी २०११मध्ये नवीन लॉटरी काढली आणि तिचा नफा गरीब रुग्णांच्या उपचाराला लावला. कॅन्सर, हृदय, किडनी, हिमोफिलिया. बसस्टँडवर एक पाय अधू असलेला विक्रेता होता, लाकडी पाटीवर तिकिटं चिमट्यांनी पंख्यासारखी लावून बसायचा. त्याच्याकडून तिकीट घेणारे हमाल, रिक्षावाले, रबर काढणारे मजूर. म्हणजे गरिबाच्या खिशातून आशेचे पैसे काढायचे आणि गरिबाच्या डायलिसिसला द्यायचे. यात श्रीमंतानं काय दिलं? हे मी अच्चायनना विचारलं होतं. ते म्हणाले, श्रीमंताकडून काढून दाखवा आधी, मग बोला. त्यांच्या मोठ्या भावाचं डायलिसिस त्याच पैशातून चालू होतं. मी गप्प बसलो.

आता तो दिवस. १३ मार्च २०१५. तेरावा अर्थसंकल्प, तारीख तेरा आणि वार शुक्रवार. ख्रिस्ती मुलुखात याच्यावर किती विनोद झाले असतील विचारू नका. पार्श्वभूमी अशी की सरकारनं २०१४मध्ये ४१८ बारचे परवाने अडवले होते, आणि ते परत मिळावेत म्हणून माणींना एक कोटी दिले असा आरोप बारमालकांच्या संघटनेच्या एका नेत्यानं केला होता. दिग्दर्शक आशिक अबू यांनी फेसबुकवर 'माझ्यातर्फे ५००' अशी मोहीम सुरू केली आणि लोक माणींना टिंगल म्हणून मनीऑर्डरी पाठवायला लागले.

माणींना अर्थसंकल्प मांडू द्यायचा नाही असा डाव्यांचा निर्धार होता. त्यांचे आमदार रात्रभर सभागृहातच झोपले. सकाळी आमच्या शाखेत टीव्ही लावला होता आणि ग्राहक टोकन विसरून उभे होते. सभापतींची खुर्ची उचलून फेकलेली, मायक्रोफोन उखडलेले, आमदार टेबलांवर चढलेले. त्या गदारोळात ८२ वर्षांचे माणी आपल्या आमदारांच्या कड्यातून आत आले, चार ओळी वाचल्या, कागद सभागृहापुढे ठेवले. झाला अर्थसंकल्प. सत्ताधाऱ्यांनी तिथेच लाडू वाटले! आमच्या शाखेतल्या कॅशियरनं, जो पक्का डावा होता, टीव्ही बंद केला आणि म्हणाला, "नेक्स्ट टोकन."

मला लाज वाटली ती दोन्ही बाजूंची. खुर्च्या फेकणाऱ्यांची, आणि त्यावर लाडू खाणाऱ्यांचीही. एका राज्याचा वर्षाचा जमाखर्च, आणि त्यावर त्या दिवशी कुणी एक प्रश्नही विचारला नाही.

नोव्हेंबरमध्ये उच्च न्यायालयानं सीझरच्या पत्नीचा दाखला दिला, ती संशयातीतच असायला हवी, आणि दुसऱ्या दिवशी माणींनी राजीनामा दिला. आरोप त्यांच्यावर शेवटपर्यंत सिद्ध झाला नाही. पण सहा महिन्यांनी, एवढं सगळं होऊनही, पालानं त्यांना तेराव्यांदा निवडून दिलं. मताधिक्य फक्त ४,७०३. गाव रागावलं होतं, पण सोडायला तयार नव्हतं.

माझी बदली झाली, मी परत आलो. पुढचं सगळं फोनवरून. माणी गेल्यावर २०१९मध्ये पोटनिवडणूक लागली. पक्षातल्या भांडणात त्यांच्या उमेदवाराला दोन पानांचं हक्काचं चिन्हसुद्धा मिळालं नाही, अननसावर लढावं लागलं. हरले. ५४ वर्षांचा गड २,९४३ मतांनी गेला आणि जिंकलं कोण, तर आपलं घड्याळ! डाव्या आघाडीत असलेल्या राष्ट्रवादीचे माणी सी. कप्पन, ज्यांना थोरल्या माणींनी तीन वेळा पाडलं होतं. अच्चायननी रात्री फोन करून सांगितलं, "सार, पाला में फिर माणी ही जीता."

त्यानंतरचं तर ऐकाच. २०२०मध्ये डाव्यांचे अर्थमंत्री थॉमस आयझॅक यांनी माणींच्या स्मारकाला पाच कोटी दिले. त्याच वर्षी माणींचे चिरंजीव जोस के. माणी पक्ष घेऊन डाव्या आघाडीत गेले. आणि २०२१च्या जुलैत, सभागृह मोडणाऱ्या आमदारांवरचा खटला मागे घ्यावा म्हणून सर्वोच्च न्यायालयात गेलेल्या त्याच सरकारचा वकील सांगून बसला की आंदोलन एका भ्रष्ट अर्थमंत्र्याविरुद्ध होतं. तेव्हा त्या अर्थमंत्र्याचा पक्ष मंत्रिमंडळात बसलेला! न्यायालयानं खटला मागे घेऊ दिला नाही, ती गोष्ट वेगळी.

मी उत्साहानं अच्चायनना फोन लावला, म्हटलं बघा तुमच्या सारांचे नवे मित्र काय बोलले. त्यांनी ऐकून घेतलं. पावसात झाडांना प्लास्टिकचे झगे घातलेत, चीक बरा येतोय म्हणाले. भाव १७०च्या आसपास गेलाय, आणि मी परत कधी येणार.