उपाशीपोटी यावे

माझ्या पोटातून विसंवादी कंपनं येतात म्हणून काल सकाळी मला एका विद्यापीठातून बाहेर काढलं. विद्यापीठ म्हणजे शेजारच्या सोसायटीतला टू बीएचके. पण दारावर पाटी तशीच आहे, आणि ध्वनीच्या जोरावर वास्तव कसं बदलायचं ते आत शिकवतात. बायकोनं दोघांचे पैसे आधीच भरले होते, त्यामुळे माझं मत विचारायचा प्रश्नच आला नाही.

सूचनापत्रात ठळक अक्षरांत छापलं होतं : ‘उपाशीपोटी यावे.’ गेलो. चहासुद्धा न घेता गेलो. आता रिकाम्या आतड्यातून हवा आणि पाणी पुढे सरकताना आवाज होतो. पोटात दोन घास असले की तोच आवाज दबतो. म्हणजे आधी यांनीच माझं पोट रिकामं करून घेतलं आणि मग ते वाजलं म्हणून मला हाकललं!

सुरुवात तशी बरी झाली. आचार्यांनी (वय पस्तिशीचं, कुर्ता कडक इस्त्रीचा) स्पीकरवर एक पत्रा बसवला, त्यावर रवा भुरभुरला आणि बटण फिरवलं. रव्याची सुंदर नक्षी झाली. “हेच विश्वाचं मूळ रूप. नाद वास्तव घडवतो, बघा,” आचार्य म्हणाले. क्लाड्नी नावाच्या जर्मन गृहस्थानं हा खेळ १७८७ साली छापून ठेवला होता आणि १८०९ साली पॅरिसला जाऊन खुद्द नेपोलियनला दाखवला होता. तो वाळू घ्यायचा आणि पत्र्याच्या कडेवर व्हायोलिनचा गज ओढायचा. पण गंमत पुढेच आहे. पत्रा जिथे जोरात थरथरतो तिथून रवा उडतो, आणि जिथे पत्रा अजिबात हलत नाही तिथे जाऊन बसतो. म्हणजे ती नक्षी आवाजापासून पळून गेलेल्यांची आहे. गणपतीत आमच्या गल्लीत डीजे लागला की मी आतल्या खोलीत जाऊन बसतो, तेव्हा मीही विश्वाचं मूळ रूपच असतो म्हणायचं. रहिवासी भागात दिवसा ५५ आणि रात्री ४५ डेसिबल ही मर्यादा २००० सालच्या नियमात लिहिलेली आहे. ती कोणत्या कपाटात ठेवलीय ते एखाद्या आचार्यांनी ध्यान लावून शोधून द्यावं.

मग मूळ सूर ४४० हर्ट्झला, म्हणजे सेकंदाला ४४० कंपनांवर लावायचा की ४३२ वर, ते झालं. सगळ्या जगानं ४४० ला सूर लावून मानवजातीचं मन बिघडवलं म्हणे. अहो, आपल्याकडे पट्टी ज्याची त्याची! कुणी काळी एकला गातो, कुणी पांढरी पाचला. मानवजात बिघडायचीच असती तर आमच्या भजनी मंडळात कधीच बिघडली असती. तिथे एकाच अभंगात तीन पट्ट्या लागतात.

हे सगळं एकवेळ सोसलं असतं. पण माझ्या शेजारी खुर्चीवर काका होते.

काका ऐंशीच्या पुढचे. आचार्यांनी काशाचा वाडगा घुमवायला घेतला आणि काकांच्या कानातलं मशीन कुंईं करून ओरडलं. काकांनी ते शांतपणे काढून शर्टाच्या खिशात ठेवलं आणि डोळे मिटले. वाडगा पाच मिनिटं घुमला. मग आचार्यांनी एकेकाला विचारलं, काय ऐकू आलं? एका ताईंना समुद्र ऐकू आला होता. माझ्या बायकोला दूरच्या देवळातली घंटा. काकांना कोपरानं ढोसावं लागलं.

“काका, आपल्याला काय ऐकू आलं?”

“आँ?”

“काय ऐकू आलं?”

“काही नाही!” काका गरजले.

आचार्यांनी हात जोडले. “काही नाही! ऐकलंत सगळ्यांनी? कशावर काही न आपटता उमटणारा, हाच तो अनाहत नाद! लोक वर्षानुवर्षं साधना करतात यासाठी.”

“पंखा जरा कमी करा हो,” काका म्हणाले.

“देहाची जाणीवही किती सूक्ष्म झालीय बघा!”

मला राहवेना. म्हटलं, “अहो, त्यांनी मशीन काढून ठेवलंय.”

“बाहेरची यंत्रं काढून ठेवणं,” आचार्य माझ्याकडे करुणेनं पाहत म्हणाले, “हीच तर साधना.”

यावर काय बोलणार? देवगिरीच्या यादवांकडे हिशेबाचं खातं सांभाळणाऱ्या शार्ङ्गदेवानं तेराव्या शतकात ‘संगीतरत्नाकर’ लिहिला. अनाहत नाद मुक्ती देतो पण माणसांचं रंजन करत नाही, असं त्यात त्यानं सरळ नोंदवलंय. हिशेबाचा माणूस, जमा तिथे जमा, खर्च तिथे खर्च. मी हे सांगायला तोंड उघडलं आणि नेमकं त्याच क्षणी पोट बोललं. चांगलं लांबलचक बोललं, शेवटी एक हरकतही घेतली. समुद्रवाल्या ताई दचकल्या. बायकोनं डोळे आणखी घट्ट मिटले.

“आपण जरा बाहेर बसता का? इथे वास्तवाला तडा जातोय,” आचार्य म्हणाले. आणि मी दारापर्यंत पोहोचल्यावर वर, “तेवढं चपलांकडेही लक्ष असू द्या.”

बी.कॉम. आहे हो मी.

तासाभरानं सगळे प्रसन्न चेहऱ्यानं बाहेर आले. काकांना प्रमाणपत्र मिळालं होतं आणि प्रगत वर्गाची फी माफ झाली होती. “तुला काय दिलं रे?” त्यांनी जिना दणाणेल अशा आवाजात विचारलं. मीही तितक्याच मोठ्यानं सांगितलं, कारण मशीन अजून खिशातच होतं. त्यावर आतून “शांतता राखा” असं मला सांगण्यात आलं. काकांना नाही.

टेबलापाशी बसलेल्या मुलीला म्हटलं, अर्धा वर्ग चपलांजवळ गेला, निदान अर्धी फी परत करा. ती म्हणाली, “सर, फी परत नाही मिळत, पुढच्या बॅचला अ‍ॅडजस्ट करू.” पावती मागितली, तर ती म्हणाली, ऊर्जेच्या देवाणघेवाणीची पावती नसते. मी तावातावानं ग्राहक आयोगाचं नाव काढलं, एवढ्यात समुद्रवाल्या ताईंनी पुढच्या बॅचसाठी मोबाइल समोर धरला आणि वाडग्यांच्या मधोमध ठेवलेली ती प्लॅस्टिकची डबी खणखणीत आवाजात ओरडली, “बाराशे रुपये प्राप्त झाले!”

आतल्या खोलीतून आचार्य लगबगीनं बाहेर आले. त्या डबीला मात्र कुणी विसंवादी म्हटलं नाही.