63-3 ने काहीही सिद्ध होत नाही: फ्लोरिडा स्टेटच्या 2023 च्या हंगामाबद्दल

अमेरिकन कॉलेज फुटबॉलचा विषय निघाला की एक वाक्य हमखास फिरतं: ‘फ्लोरिडा स्टेटला 2023 मध्ये प्लेऑफमधून वगळलं ते योग्यच केलं. जॉर्जियाने त्यांना 63-3 असं धुतलं, आणखी काय पुरावा हवा?’ आकड्याचा फोटो, खाली हसणारे चेहरे, की संपला वाद. हा खेळ नव्याने पाहू लागलेल्या आपल्या मंडळींनाही हे पटतं, कारण 60 गुणांचा फरक डोळ्यांत भरतो. मला हे वाक्य साफ चुकीचं वाटतं.

आधी घडलं काय ते थोडक्यात. (इथली संघांची नावं विद्यापीठांची आहेत.) तेव्हा प्लेऑफमध्ये, म्हणजे राष्ट्रीय विजेतेपदाच्या बाद फेरीत, चारच संघ जायचे आणि ते एक निवड समिती ठरवायची. फ्लोरिडा स्टेटने 13 पैकी 13 सामने जिंकले आणि एसीसी ही आपली कॉन्फरन्सही (म्हणजे विद्यापीठांच्या गटाची साखळी) जिंकली. 18 नोव्हेंबरला नॉर्थ अलाबामाविरुद्ध त्यांचा क्वार्टरबॅक, म्हणजे पास टाकणारा आणि आक्रमण चालवणारा खेळाडू, जॉर्डन ट्रॅव्हिस याच्या पायाला गंभीर दुखापत झाली आणि त्याचा हंगाम संपला. 3 डिसेंबरला समितीने मिशिगन, वॉशिंग्टन, टेक्सास आणि अलाबामा हे चार संघ निवडले. टेक्सास आणि अलाबामा एकेक सामना हरलेले होते. फ्लोरिडा स्टेट पाचवं. चार संघांच्या प्लेऑफच्या दहा वर्षांत मोठ्या पाच कॉन्फरन्सपैकी एखाद्या कॉन्फरन्सचा अपराजित विजेता बाहेर राहण्याची ही पहिली आणि शेवटची वेळ.

आता तो 63-3. हा सामना 30 डिसेंबरचा, मायामीजवळचा ऑरेंज बोल (हंगामानंतरचा, प्लेऑफबाहेरचा सामना), म्हणजे निर्णयानंतर जवळपास चार आठवड्यांनी. मैदानात उतरला तो 13-0 वाला संघ नव्हताच. कियॉन कोलमन, जॉनी विल्सन, ट्रे बेन्सन, जहीम बेल आणि जॅरेड व्हर्स या प्रमुख खेळाडूंपैकी कोणीच खेळलं नाही. दोन डझनांहून जास्त खेळाडू गैरहजर होते. कोणी एनएफएल या व्यावसायिक लीगच्या ड्राफ्टच्या, म्हणजे खेळाडू-निवडीच्या, तयारीला लागलेलं, कोणी दुसऱ्या कॉलेजात निघालेलं. दुसऱ्या क्रमांकाचा क्वार्टरबॅक टेट रोडमेकरही बदलीच्या यादीत नाव घालून मोकळा झाला होता. जॉर्जियाचा मात्र कणा शाबूत होता. प्लेऑफ हातात असता तर यातले बहुतेक जण थांबले असते, कारण एनएफएलच्या उंबरठ्यावरची मुलं विजेतेपदाची संधी असताना सहसा संघ सोडत नाहीत. म्हणजे ज्या सामन्याला निर्णयाचा पुरावा म्हणून नाचवलं जातं, तो त्या निर्णयाचाच परिणाम होता. परिणाम दाखवून कारणाचं समर्थन कसं होईल?

दुसरा दावा जरा वजनदार आहे: ‘ट्रॅव्हिस नसताना हा तोच संघ राहिला नव्हता.’ समितीचं म्हणणं हेच होतं आणि तिच्या नियमांत महत्त्वाच्या खेळाडूच्या गैरहजेरीचा विचार करायला जागा आहे, हे मान्य. पण अंदाज बांधायची गरज कुठे होती? ट्रॅव्हिसशिवाय खेळलेले सामने समोर होते. तो जखमी झाला त्याच सामन्यात संघ 0-13 असा मागे होता आणि तिथून सलग 58 गुण करून जिंकला. पुढच्या आठवड्यात गेन्सव्हिलला, फ्लोरिडा विद्यापीठ या वेगळ्या संघाच्या स्वतःच्या मैदानावर, रोडमेकरच्या हाताखाली 24-15. त्यातही सुरुवातीला 0-12 अशी पिछाडी होती आणि बेन्सनने तीन टचडाऊन केले (म्हणजे चेंडू समोरच्या संघाच्या टोकाच्या पट्ट्यात नेला).

मग 2 डिसेंबर, शार्लट, लुइव्हिलविरुद्ध कॉन्फरन्सची अंतिम लढत. रोडमेकर डोक्याला मार लागल्याने बाहेर. सुरुवात केली पहिल्याच वर्षाच्या ब्रॉक ग्लेनने, म्हणजे तिसऱ्या क्रमांकाच्या पोराने. त्याने 21 पैकी 8 पास पूर्ण केले, एकूण 55 यार्ड. कामगिरी कच्चीच होती, त्यावर पांघरूण घालण्यात अर्थ नाही. पण तो सामना बचावफळीचा होता, आणि टीव्हीवरच्या चर्चेत नेमकं हेच गाळलं गेलं. दहा सामने जिंकून आलेल्या लुइव्हिलला संपूर्ण सामन्यात फक्त 188 यार्ड मिळाले. ब्रेडन फिस्क आणि त्याचे साथीदार पुन्हा पुन्हा त्यांच्या क्वार्टरबॅकच्या अंगावर जाऊन आदळत होते, त्याला नीट उभं राहून पास टाकायला उसंतच मिळत नव्हती. पासिंग चालत नाही म्हटल्यावर चेंडू थेट लॉरन्स टोफिलीच्या हाती जाऊ लागला. त्याने एकदा 73 यार्डांची धाव घेतली आणि पाठोपाठ टचडाऊन केला. शेवट 16-6. देखणा नव्हता, पण तिसऱ्या क्वार्टरबॅकसह अंतिम सामना जिंकणारा संघ खंबीर म्हणायचा की अपात्र?

आणि तिसऱ्या क्वार्टरबॅकचंच बोलायचं तर 2014 आठवा. प्लेऑफचं पहिलंच वर्ष. ओहायो स्टेटचा पहिला क्वार्टरबॅक हंगामाआधीच जायबंदी, दुसऱ्याचा घोटा मिशिगनविरुद्ध मोडला. कार्डेल जोन्स नावाचा तिसरा उतरला, विस्कॉन्सिनला 59-0 ने हरवलं, समितीने त्यांना आत घेतलं आणि त्यांनी अलाबामा व ओरेगनला हरवून विजेतेपद पटकावलं. कोणी म्हणेल, 59-0 कुठे आणि 16-6 कुठे. बरोबर, पण मग तक्रार दुखापतीची नाही, जिंकण्याच्या शैलीची झाली. आपल्याकडे साखळीतले सगळे सामने जिंकलेल्या रणजी संघाला ‘तुमचा सलामीवीर जखमी आहे, उपांत्य फेरीत दुसऱ्याला घेतो’ असं सांगितलं तर काय होईल?

‘एसीसी दुबळी होती’ हे तर मोजूनच पाहू. 2023 च्या नियमित हंगामात एसीसी आणि एसईसी (अलाबामा, जॉर्जिया यांची कॉन्फरन्स) यांचे संघ दहा वेळा भिडले, त्यात एसीसी 6, एसईसी 4. सहापैकी दोन विजय फ्लोरिडा स्टेटचे. एक गेन्सव्हिलचा आणि दुसरा सलामीचा, ऑर्लँडोत एलएसयूविरुद्ध 45-24. त्या एलएसयूचा क्वार्टरबॅक जेडन डॅनियल्स त्याच वर्षी हाइझमन, म्हणजे कॉलेज फुटबॉलच्या सर्वोत्तम खेळाडूचा पुरस्कार, जिंकला.

उलट अलाबामाकडे पाहा. जॉर्जियाला 27-24 ने हरवणं ही खरोखर मोठी कामगिरी होती, ते श्रेय त्यांचंच. पण सप्टेंबरात ते आपल्याच घरी टेक्सासकडून 34-24 ने हरले होते. आणि जॉर्जियाच्या आधीच्या आठवड्यात ऑबर्नविरुद्ध चौथा म्हणजे शेवटचा प्रयत्न, आणि 31 यार्डांची गरज, अशा अवस्थेत शेवटच्या क्षणी टचडाऊन मिळाला म्हणून वाचले. त्याच ऑबर्नला आठवडाभर आधी न्यू मेक्सिको स्टेटने 31-10 ने हरवलं होतं. कोणत्याही संघाचा एखादा दिवस डळमळीत असतो. अलाबामाचा असा दिवस माफ होतो, फ्लोरिडा स्टेटचा पुरावा ठरतो, हा न्याय मला कळत नाही.

अलीकडे नवा युक्तिवाद निघालाय: ‘2024 मध्ये ते 2-10 (दोन विजय, दहा पराभव) होते, म्हणजे आधीही पोकळच होते.’ त्या दोन हंगामांच्या मध्ये, 2024 च्या ड्राफ्टमध्ये, एनएफएलने फ्लोरिडा स्टेटचे दहा खेळाडू उचलले. व्हर्स पहिल्याच फेरीत गेला आणि पुढे वर्षातला सर्वोत्तम नवोदित बचावपटू ठरला. कोलमन, फिस्क, रेनार्डो ग्रीन दुसऱ्या फेरीत, बेन्सन आणि जॅरियन जोन्स तिसऱ्या. जखमी ट्रॅव्हिसलाही पाचव्या फेरीत न्यूयॉर्क जेट्सने घेतलं. हे दहा जण गेल्यावर संघ कोसळला, यातून 2023 चा संघ पोकळ होता असं निघतं की भरलेला होता?

निवड जाहीर झाली त्या दिवशी ट्रॅव्हिसने लिहिलं की माझा पाय हंगामात आधीच मोडला असता तर बरं झालं असतं, म्हणजे हा संघ एका क्वार्टरबॅकपेक्षा कितीतरी मोठा आहे हे तुम्हाला दिसलं असतं. आणि त्याने माफी मागितली. तेरा सामने जिंकलेल्या संघाच्या मुलाला स्वतःच्या दुखापतीबद्दल माफी मागावीशी वाटली. 63-3 चा फोटो पुढे ढकलणाऱ्यांनी त्याचे ते शब्द एकदा वाचावेत आणि सोबत 2 डिसेंबरचा सामना पाहावा, निदान लुइव्हिलच्या हाती चेंडू असतानाचे डाव तरी.